डिसेंबरातला उन्हाळा आणि पोहण्याचा तास

डिसेंबर लागला की कोकणातसुद्धा पहाटे चादर अंगावर ओढावीशी वाटते आणि फज्रच्या वजूला गरम पाण्याची आठवण होते. नेमक्या त्याच दिवशी, १ डिसेंबरला, ऑस्ट्रेलियात उन्हाळा सुरू होतो. तिथे ऋतू महिन्यांच्या हिशेबाने मोजतात. डिसेंबर, जानेवारी आणि फेब्रुवारी हे तीन महिने उन्हाळ्याचे. शाळाही त्याच हिशेबाने चालतात. डिसेंबरच्या तिसऱ्या आठवड्याच्या सुमारास वर्ष संपते आणि जवळजवळ सहा आठवड्यांच्या सुट्टीनंतर, जानेवारीच्या अखेरीस, मुले नव्या इयत्तेत बसतात.

वर्गात पृथ्वीगोल फिरवून हा धडा शिकवताना दरवर्षी एखादे पोर विचारतेच, की तिकडची माणसे उलटी लोंबकळत नाहीत का? माणसे सुलटीच असतात, पण सूर्य मात्र आपल्या दृष्टीने उलट्या बाजूला असतो. भरदुपारी तो मेलबर्न-सिडनीच्या आकाशात उत्तरेकडे दिसतो. म्हणून तिथे घर घेणारा माणूस उत्तरेच्या खिडक्या बघून घर पसंत करतो. किब्ला मात्र तिथूनही जवळजवळ आपल्यासारखाच, पश्चिमेला आणि किंचित उत्तरेकडे. अल्लाहची कुदरत अशी, की सूर्याची बाजू बदलली तरी जानमाज पसरण्याची बाजू फारशी बदलली नाही.

हा विषय या महिन्यात घेण्याला कारण आहे. एके काळी आपल्या घरांतली मुले आखातात जात. आता त्यांतली बरीच ऑस्ट्रेलियाला जाऊन स्थायिक होतात आणि बायकामुलांना सोबत नेतात. मग इकडे नाना-नानींना प्रश्न पडतात. हे लोक डिसेंबरात समुद्रावर काय करतात? शाळा मुलींना पाण्यात का उतरवते? आपल्या माणसांनी त्यात किती सामील व्हावे? याचे उत्तर द्यायचे तर आधी तिथला उन्हाळा नीट समजून घ्यायला हवा.

तो सणासारखा साजरा होतो, यात शंका नाही. नाताळ ऐन उन्हात येतो. दुकानांच्या काचांवर कापसाचा बर्फ आणि लोकरी कपड्यातला म्हातारा, बाहेर पारा ३५ अंशांवर. ही गंमत त्यांची त्यांनाच कळते आणि ते स्वतःवर हसतातही. जेवणाला गरम भाजलेल्या पक्ष्याऐवजी पुष्कळ घरांत थंड कोळंबी असते, चेरी असतात आणि आंबा असतो. होय, आंबा! त्यांचा सर्वांत लाडका ‘केन्सिंग्टन प्राइड’ हा आंबा मूळचा भारतातला मानतात. एकोणिसाव्या शतकात भारतात घोडे नेऊन विकणाऱ्या जहाजांबरोबर त्याच्या कोयी क्वीन्सलँडच्या बोवेन बंदरात आल्या, असे सांगतात. हापूसशी त्याची तुलना आम्ही करणार नाही. तिकडे राहणारी आपली माणसेही पहिल्या वर्षीच करतात, पुढे मुकाट्याने खातात.

नाताळच्या दुसऱ्या दिवशी मेलबर्नच्या मोठ्या मैदानावर कसोटी सामना सुरू होतो आणि सिडनीच्या बंदरातून होबार्टकडे शिडाच्या नौकांची शर्यत निघते. ही शर्यत १९४५ पासून चालू आहे. कसोटीत समोर भारत असला तर आपल्याकडे पहाटे पाचला, फज्रच्या अजानच्याही आधी, टीव्ही सुरू झालेले असतात. मुलांना नमाजसाठी उठवण्याचा त्रास त्या पाच दिवसांत वाचतो. पुढे जानेवारीत सिडनीची कसोटी. २०११ मध्ये याच सामन्यात उस्मान ख्वाजा ऑस्ट्रेलियाकडून पहिल्यांदा खेळला. इस्लामाबादेत जन्मलेला हा फलंदाज ऑस्ट्रेलियाच्या कसोटी संघातला पहिला मुस्लिम खेळाडू. २६ जानेवारी हा त्यांचाही राष्ट्रीय दिवस. १७८८ साली त्या दिवशी इंग्रजांचा पहिला ताफा सिडनीच्या किनाऱ्याला लागला. मूळ रहिवासी मात्र या दिवसाला आक्रमणाचा दिवस म्हणतात आणि १९३८ पासून त्या दिवशी निषेध नोंदवत आले आहेत. एकाच दिवशी एका बागेत मेजवानी आणि दुसऱ्या रस्त्यावर मोर्चा, असा तो दिवस जातो.

बागांमधून आणि किनाऱ्यांवर सरकारने विजेच्या भाजण्याच्या शेगड्या बसवलेल्या असतात. बहुतेक ठिकाणी बटण दाबायचे आणि फुकट वापरायचे. माणसे कुटुंबासह येतात, मांस भाजतात, खातात आणि पुढच्यासाठी शेगडी पुसून ठेवतात. त्याच पत्र्यावर आधी कोणी डुकराचे मांस भाजले असेल, ही आपल्या लोकांची अडचण खरी आहे. त्यावर घरचा तवा किंवा ॲल्युमिनियमचा कागद सोबत नेणे हा साधा उपाय आहे. पुसून ठेवण्याची सवय मात्र आपण जरूर उचलावी, आमच्या गावच्या ईदगाहच्या आवारात ईदच्या दुपारी चक्कर मारली तर का म्हणतो ते कळेल.

ही झाली मौज. पण तो उन्हाळा जीवघेणाही आहे. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या ऊडनाडाटा गावी २ जानेवारी १९६० रोजी ५०.७ अंश तापमान नोंदले गेले. पश्चिमेच्या ऑन्स्लोमध्ये जानेवारी २०२२ मध्ये पारा पुन्हा तेवढाच चढला. पर्थच्या लोकांना दुपारी समुद्रावरून येणाऱ्या खाऱ्या वाऱ्याचा एवढा आधार वाटतो, की त्या वाऱ्याला त्यांनी ‘फ्रीमँटल डॉक्टर’ असे नाव दिले आहे. सिडनीत तापलेल्या दिवशी अचानक दक्षिणेचा वारा घुसतो आणि काही मिनिटांत पारा दहा-पंधरा अंशांनी उतरतो. सगळे शहर त्याची वाट बघत असते.

जानेवारीच्या सुरुवातीला पृथ्वी सूर्याच्या सर्वांत जवळ असते, म्हणजे दक्षिण गोलार्धाच्या ऐन उन्हाळ्यात. त्यात युरोपातून आलेल्यांची गोरी कातडी. परिणाम असा, की तिथे तीनपैकी किमान दोन माणसांना सत्तरीच्या आत कोणत्या ना कोणत्या प्रकारचा त्वचेचा कर्करोग होतो, असे तिथल्या कर्करोग संस्था सांगतात. १९८१ मध्ये व्हिक्टोरिया राज्यात ‘स्लिप, स्लॉप, स्लॅप’ ही मोहीम निघाली. सदरा चढवा, मलम थापा, टोपी घाला, असे टीव्हीवर एक नाचरा सीगल पक्षी सांगायचा. पुढे शाळांनी नियमच केला: टोपी नाही तर मैदानावर खेळ नाही. विसराळू मुलाने मधल्या सुट्टीत सावलीत बसून इतरांचा खेळ बघायचा. शिक्षा म्हणून ही आम्हांला फार आवडली. ओरडणे नाही, मारणे नाही, पालकांना चिठ्ठी नाही. आणि टोपी दुसऱ्या दिवशी हमखास येते.

वणव्यांबद्दल थोडे सांगायलाच हवे. ७ फेब्रुवारी २००९ रोजी मेलबर्नचा पारा ४६.४ अंशांवर गेला आणि त्या एका शनिवारी पेटलेल्या वणव्यांनी व्हिक्टोरियात १७३ माणसांचा जीव घेतला. २०१९-२० चा उन्हाळा तर ‘काळा उन्हाळा’ म्हणूनच ओळखला जातो. २ कोटी ४० लाख हेक्टरांहून अधिक जमीन जळाली, तीन हजारांवर घरे गेली. ३१ डिसेंबरच्या सकाळी मल्लाकूटा या किनाऱ्यावरच्या गावात आकाश आधी काळे आणि मग लाल झाले, आणि हजारो माणसे पाण्याच्या कडेला जाऊन उभी राहिली, कारण मागे आग होती. पुढे नौदलाच्या जहाजाने त्यांतल्या कित्येकांना बाहेर काढले. ही आग विझवणारे बहुतेक लोक पगारी नव्हते. गावोगावचे शेतकरी, सुतार, शिक्षक असे स्वयंसेवक होते. त्या दिवसांत ठिकठिकाणच्या मशिदींमधून मदतीचे सामान गोळा झाले, ट्रक निघाले, आपल्या लोकांनी थकलेल्या स्वयंसेवकांना रांधून वाढले. खिदमत ज्याला म्हणतात ती हीच.

आता उत्तरेकडे वळू, कारण देशाच्या त्या टोकाला हाच काळ पावसाळ्याचा असतो. डार्विनच्या बाजूला डिसेंबरात वायव्येकडून मोसमी वारे येतात. काकाडूच्या मूळ रहिवाशांच्या हिशेबात तर वर्षाचे चार नव्हे, सहा ऋतू आहेत. या वाऱ्यांशी इस्लामचा जुना संबंध आहे आणि तो आपल्या मुलांनी जाणून घ्यावा असा आहे. सुलावेसी बेटावरच्या मकासार बंदरातून मुस्लिम खलाशी याच वाऱ्यावर शिडे सोडून दर डिसेंबरात ऑस्ट्रेलियाच्या उत्तर किनाऱ्यावर यायचे. चीनच्या बाजारासाठी समुद्रकाकडी गोळा करायची, ती उकडून वाळवायची आणि एप्रिलच्या सुमारास वारे फिरले की परतायचे. किमान अठराव्या शतकापासून हे चालू होते, आणि १९०७ मध्ये सरकारने परवाने बंद केले तेव्हा ते थांबले. त्यांनी तिथल्या मूळ रहिवाशांशी व्यापार केला, जमीन मागितली नाही. त्यांचे कितीतरी शब्द योल्ङू लोकांच्या भाषेत राहिले, आणि जिथे जिथे त्यांचे तळ पडत तिथे आजही चिंचेची झाडे उभी आहेत. मुस्लिम हा ऑस्ट्रेलियात काल आलेला पाहुणा आहे, असे कोणी म्हणाले तर त्याला ही चिंच दाखवावी.

त्याच उत्तरेच्या समुद्रात उन्हाळ्यात पोहण्याची सोय नाही. मगरी आहेत, आणि चौकोनी डोक्याची एक विषारी जेलीफिश आहे जिचा डंख माणसाला काही मिनिटांत मारू शकतो. म्हणून क्वीन्सलँडच्या उत्तर भागात पाण्यात जाणारे लोक अंगभर पातळ सूट घालतात. मनगटापर्यंत बाह्या, घोट्यापर्यंत पाय, पुष्कळदा डोक्यावर टोपडेही. पुरुष, बाया, परदेशी पाहुणे, सगळे. हा सूट वाचकांनी लक्षात ठेवावा, पुढे कामाला येणार आहे.

आमच्या बहिणीची मुलगी बरीच वर्षे मेलबर्नच्या एका उपनगरात राहते. तिची लेक नऊ वर्षांची. शाळेने पोहण्याच्या आणि पाण्यातल्या सुरक्षिततेच्या तासांची सूचना पाठवली. तिच्या सासूबाईंनी दापोलीहून फोनवर साफ नापसंती कळवली: मुलीची जात, पाण्यात काय शिकायचे, उद्या बुडली तर? भाचीने आम्हांला विचारले, “खाला, तुम्ही शिकवता, तुम्हीच सांगा.” सासूबाईंच्या मनात दोन भित्या आहेत, हयेची आणि बुडण्याची. दोन्ही हसण्यावारी न्यायच्या नाहीत. पण दोन्ही वेगवेगळ्या तपासायच्या.

आधी बुडण्याची. ऑस्ट्रेलियाची बहुतेक वस्ती किनाऱ्यालगत राहते आणि उन्हाळा म्हणजे समुद्र हे समीकरण आहे. हा समुद्र आपल्या खाडीसारखा नाही. १९३८ च्या फेब्रुवारीतल्या एका रविवारी सिडनीच्या बॉन्डाय किनाऱ्यावर लागोपाठ मोठ्या लाटा आल्या आणि वाळूच्या दांड्यावर उभ्या असलेल्या दोनशेहून अधिक माणसांना त्यांनी ओढून नेले. जीवरक्षकांनी जवळजवळ सगळ्यांना बाहेर काढले, पाच जण गेले. १७ डिसेंबर १९६७ रोजी तर देशाचे पंतप्रधान हॅरल्ड होल्ट मेलबर्नजवळच्या एका किनाऱ्यावर पोहायला उतरले ते परत आलेच नाहीत. मृतदेहही मिळाला नाही. पुढे मेलबर्नमध्ये त्यांच्या नावाने जे स्मारक झाले ते पोहण्याचा तलाव! आपल्याकडे याला चेष्टा म्हटले असते. तिथल्या लोकांना त्यात विचित्र काही वाटले नाही, माणूस पाण्यात गेला म्हणून पाणी टाळायचे नसते, इतकाच त्यांचा विचार.

मारते ते लाट नव्हे, ओढ. लाटांनी किनाऱ्यावर आणलेले पाणी कुठूनतरी परत जाणारच. ते वाळूतल्या खोलगट वाटेने एकवटून, जोरात समुद्राकडे धावते. यालाच रिप म्हणतात. कपट असे, की त्या जागी लाटा कमी फुटतात, पाणी गडद आणि शांत दिसते, आणि नवखा माणूस तीच जागा सुरक्षित समजून निवडतो. ओढले गेल्यावर तो किनाऱ्याच्या दिशेने हातपाय मारतो, दमतो आणि बुडतो. तिथल्या मुलांना शिकवतात ते असे: झगडू नका, पाठीवर तरंगा, हात वर करून मदत मागा; शक्ती असेल तर किनाऱ्याला समांतर पोहत ओढीच्या बाहेर पडा. आणि सगळ्यांत आधी, जिथे लाल-पिवळे झेंडे लावले असतील त्या दोन झेंड्यांच्या मधेच उतरा. जीवरक्षक रोज सकाळी पाणी पाहून ते झेंडे रोवतात. झेंडे नाहीत, तर पाण्यात पाय नाही.

ही शिस्त अंगवळणी पडलेली नसल्याने बाहेरून आलेली माणसे फसतात. जानेवारी २०२४ मध्ये व्हिक्टोरियाच्या फिलिप बेटावर, जिथे जीवरक्षकांचा पहारा नव्हता अशा किनाऱ्यावर, चार भारतीय बुडाले. एकाच कुटुंबातली, नात्यातली माणसे. आणि परदेशाकडे कशाला बोट दाखवा? १ फेब्रुवारी २०१६ रोजी आपल्या मुरूडच्या किनाऱ्यावर पुण्याहून सहलीला आलेले १४ विद्यार्थी गेले. त्यांत मुली जास्त होत्या. त्यानंतर शाळा-कॉलेजांच्या समुद्रसहलींवर नियम आले, सहली कमी झाल्या. पोहणे शिकवणारी शाळा मात्र आमच्या तालुक्यात आजही एक नाही. कोकणातल्या मुस्लिम घरांत जहाजावर आयुष्य काढलेला एक तरी पुरुष सापडतो. त्याच घरातल्या बायका समुद्र फक्त खिडकीतून बघतात. सासूबाई म्हणतात, बुडली तर? बुडू नये म्हणूनच तो तास आहे. मुलांना पोहणे, तिरंदाजी आणि घोड्यावर बसणे शिकवा, ही ताकीद हजरत उमर (रजि.) यांच्या नावाने आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. तिरंदाजी आणि घोडा आता कुणाच्या कामाचे राहिले नसतील, पाणी राहिले आहे.

आता हयेची भीती. याबाबत ऑस्ट्रेलियाचाच इतिहास मोठा गमतीचा आहे. विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत सिडनीच्या किनाऱ्यांवर दिवसाउजेडी समुद्रात आंघोळ करायला बंदी होती; शरीर लोकांच्या नजरेस पडू नये म्हणून. १९०२ मध्ये मॅन्लीच्या विल्यम गोचर नावाच्या एका वृत्तपत्राच्या संपादकाने मुद्दाम भरदुपारी पाण्यात उतरून कायदा मोडला, तेव्हा हळूहळू परवानगी मिळाली. तीही मानेपासून गुडघ्यापर्यंत अंग झाकण्याच्या अटीवर. १९०७ मध्ये पुरुषांनीही झालर असलेला झगा घालावा असे फर्मान निघणार होते, तर पुरुषांनी बायकांचे परकर नेसून किनाऱ्यावर मोर्चा काढला. पुढे पन्नासच्या दशकात किनाऱ्यावरचे निरीक्षक टेप घेऊन कपडे तोकडे तर नाहीत ना, हे मोजत फिरत. म्हणजे अंग झाकून पाण्यात उतरणे ही तिथे परकी कल्पना नाही, त्यांच्याच आजोबांचा कायदा आहे.

पाण्यात कोणी उतरावे, यावर तिथे रक्तही सांडले आहे. न्यू साउथ वेल्समधल्या मोरी गावच्या सार्वजनिक तलावात मूळ रहिवाशांच्या मुलांना प्रवेश नव्हता. फेब्रुवारी १९६५ मध्ये, ऐन उन्हाळ्यात, सिडनी विद्यापीठाचे विद्यार्थी बस घेऊन तिथे पोहोचले. त्यांचा पुढारी चार्ल्स पर्किन्स हा स्वतः मूळ रहिवासी होता. त्या मुलांना घेऊन ते तलावाच्या दाराशी उभे राहिले. गावकऱ्यांनी अंडी आणि टोमॅटो मारले, पण दार उघडावे लागले. महाडच्या चवदार तळ्याचा धडा ज्यांनी शाळेत शिकवला आहे त्यांना हे वेगळे समजावून सांगायला नको.

आपल्या लोकांची पाळी २००५ मध्ये आली. डिसेंबरच्या पहिल्या रविवारी सिडनीच्या क्रोनुला किनाऱ्यावर जीवरक्षक आणि काही लेबनीज वंशाच्या तरुणांत मारामारी झाली. आठवडाभर मोबाइलवर भडकावणारे संदेश फिरले आणि ११ डिसेंबरला जवळजवळ पाच हजारांचा जमाव, पुष्कळ जण प्यालेले, किनाऱ्यावर जमला. चेहरा अरबी वाटेल त्याला मारहाण झाली. एका तरुण मुलीच्या डोक्यावरचा हिजाब ओढायलाही लोक धावले. पुढच्या रात्रींत उलट बाजूच्या टोळ्यांनी गाड्या फोडल्या, निरपराध माणसांना भोसकले. आपले म्हणून त्यांची बाजू घेण्याचे कारण नाही. त्या टोळ्यांनी जे केले ते जुलूमच होते.

पण त्यानंतर जे घडले ते मासिकांतून फारसे छापले जात नाही. जीवरक्षकांच्या संघटनेने सरकारच्या मदतीने मुस्लिम तरुण-तरुणींना जीवरक्षक होण्याचे प्रशिक्षण द्यायचे ठरवले. त्याआधीच, २००४ मध्ये, सिडनीत राहणाऱ्या लेबनीज वंशाच्या अहेदा झनेट्टी यांनी बुर्किनी बनवली होती. आपल्या भाचीला हिजाब आणि दोन-दोन कपडे चढवून, घामाघूम होत नेटबॉल खेळताना बघून त्यांना सुटसुटीत पोशाखाची कल्पना सुचली. मग जीवरक्षकांच्या लाल-पिवळ्या रंगातली बुर्किनी शिवली गेली, आणि २००७ मध्ये मक्का लाला ही लेबनीज वंशाची तरुणी ती घालून त्याच क्रोनुलाच्या वाळूवर जीवरक्षक म्हणून उभी राहिली. ही पदवी बसल्या जागी मिळत नाही. ४०० मीटर अंतर नऊ मिनिटांच्या आत पोहून दाखवावे लागते. ज्या किनाऱ्यावरून हाकलले, तिथेच बुडणाऱ्याला, मग तो कोणीही असो, बाहेर काढायला आपली एक मुलगी तयार उभी होती.

२०१६ मध्ये फ्रान्सच्या कान शहराने बुर्किनीला किनाऱ्यावर बंदी घातली, हे वाचकांना आठवत असेल. त्या वेळी कोणी आम्हांला विचारले असते, तर आम्ही त्यांना क्वीन्सलँडच्या किनाऱ्यावर नेले असते. जेलीफिशच्या भीतीने आपादमस्तक झाकून घेणारी गोरी बाई तिथे शहाणी ठरते. अल्लाहच्या भीतीने तेवढेच अंग झाकणारी मात्र मागासलेली.

तेव्हा भाचीला आम्ही कळवले ते असे. मुलीला तासाला पाठव. अंगभर पोशाख घालू द्यावा म्हणून शाळेला आधी पत्र लिही. गृहीत धरून गप्प बसू नकोस आणि भांडायलाही जाऊ नकोस. शिकवायला बाई मिळेल का, ते विचार. नऊ वर्षांच्या मुलीला आज सूट घालून पाणी कळले, तर पंधराव्या वर्षी तिला हया आणि पाणी यांतले एक निवडावे लागणार नाही. आणि सासूबाईंना फोनवर वाद घालून पटवायचे नाही. त्यांना पुढच्या खेपेला बोलावून घे आणि त्या तलावाच्या कडेला खुर्ची टाकून बसव.

तू स्वतःही शीक, हेही लिहिले. त्यावर तिचे उत्तर आले, की खाला, या वयात पुरुषांसमोर कुठे? उत्तर सिडनीत आहे. कूजी उपनगरात खडकांच्या आडोशाला ‘मॅकायव्हर्स लेडीज बाथ्स’ नावाचा समुद्राच्या पाण्याचा तलाव आहे. १८८६ पासून तो फक्त बायकांचा आणि लहान मुलांचा. पुरुषांना मनाई हा भेदभाव आहे, अशी तक्रार झाली, तेव्हा १९९५ मध्ये त्याला कायद्यातून खास सूट मिळाली. तिथे ऐंशी वर्षांच्या आज्या येतात, ख्रिस्ती जोगिणी येतात आणि हिजाबवाल्या आपल्या बायाही येतात. कित्येक शहरांच्या तलावांत आता आठवड्यातला एखादा वेळ फक्त बायकांसाठी राखून, पडदे ओढून ठेवतात. मेलबर्नमध्ये असा तलाव शोधणे तिला अवघड नव्हते. गुरुवारी संध्याकाळचा वेळ मिळाला.

हे जितके लवकर होईल तितके बरे, कारण पुढे एक गोष्ट येते आहे. आपले हिजरी वर्ष दरवर्षी दहा-अकरा दिवसांनी मागे सरकते. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस रमजान डिसेंबरात होता, आता पुन्हा तिकडेच निघाला आहे. २०३० साली तर तो दोनदा येईल, जानेवारीच्या सुरुवातीला एकदा आणि डिसेंबरच्या अखेरीस पुन्हा. आपल्याकडे तेव्हा थंडीचे, साडेबारा तासांच्या आसपासचे सोपे रोजे असतील. मेलबर्नमध्ये मगरिब पावणेनऊच्या सुमारास होते आणि सहरी चारच्या आसपास संपते. म्हणजे सोळा तासांहून मोठा रोजा, वर ४० अंशांचे ऊन आणि शाळांना सुट्टी. तोवर ती मुलगी रोजे धरणाऱ्या वयाची झालेली असेल. दिवसा पोहायला जाऊ नये, घशात पाणी जाईल, असे तिची आजी सांगेल आणि ते बरोबरच आहे. भाचीने आत्ताच विचारून ठेवले आहे, तिच्या भागातला तलाव उन्हाळ्यात रात्री दहापर्यंत उघडा असतो.